टेक्सासमधल्या मराठी दुकानदारांना खुलं पत्र: बंदूक चालते की नाही, ते दारावर लिहा

प्रति,
डॅलस, ह्यूस्टन, ऑस्टिन आणि सॅन अँटोनिओ परिसरात किराणा दुकान, पोळीभाजी केंद्र किंवा हॉटेल चालवणारे मराठी व्यावसायिक, आणि महाराष्ट्र मंडळांचे पदाधिकारी यांस,

स. न. वि. वि.

तुमच्या दुकानांच्या काचा वाचायला मला आवडतात. हापूसच्या पेट्यांचं बुकिंग, गणेशोत्सवाची तारीख, कथकचा वर्ग, टॅक्स भरून देणारे, घरं विकणारे, 'ऑर्डरप्रमाणे पुरणपोळी मिळेल'. आत शिरेपर्यंत गावातली अर्धी खबरबात कळते. एवढ्या दाटीवाटीत एका गोष्टीबद्दल मात्र बहुतेक काचा गप्प असतात: कुणी बंदूक लावून आत आलेलं तुम्हाला चालतं की नाही. टेक्सासच्या कायद्यात दुकानदार गप्प राहिला, तर त्याला चालतं असंच धरून चालतात.

बंदुकांच्या बाजूने की विरोधात, हा वाद मी इथे घालत नाही. तो ऑस्टिनच्या विधानभवनात आणि वॉशिंग्टनच्या सर्वोच्च न्यायालयात वर्षानुवर्षं चालू आहे आणि आपल्या पत्राने तिथे पान हलणार नाही. तुमच्या हातात आहे ते तुमचं दार. बंदुकांच्या बाबतीत इतक्या सैल असलेल्या या राज्याने दाराचा अधिकार मात्र मालकाकडेच ठेवलाय. तो तुम्ही वापरत नाही, एवढीच माझी तक्रार.

टेक्सास म्हटलं की कमरेला पिस्तूल लावलेला काउबॉय आठवतो आणि हे सगळं इथल्या मातीतलंच आहे असं आपण समजतो. पण १८७१ साली याच राज्याने पिस्तूल बाळगून फिरायला बंदी घातली होती आणि थोडेफार अपवाद सोडले तर ती सव्वाशे वर्षं टिकली. १९९१ च्या ऑक्टोबरमध्ये किलीन गावातल्या लुबीज कॅफेटेरियात एका माणसाने २३ जणांना मारलं. त्यात आईवडील गमावलेल्या सुझाना हप यांनी आपलं पिस्तूल कायद्याच्या भीतीने गाडीतच ठेवलं होतं. पिस्तूल बाळगायची मुभा मागत त्यांनी ठिकठिकाणी दिलेल्या साक्षी, पुढे आमदार म्हणून केलेलं काम, हे सगळं मी आदराने वाचलंय. त्यांच्या जागी मी असते तर कदाचित मीही तेच मागितलं असतं. १९९५ साली कायदा झाला, पण तो परवाना काढून, कपड्यांखाली झाकून पिस्तूल बाळगण्याचा. लोकांना दिसेल असं पिस्तूल लावायची मुभा मिळाली ती १ जानेवारी २०१६ पासून, तीही परवानाधारकालाच. १ सप्टेंबर २०२१ पासून परवान्याचीही अट गेली. प्रशिक्षण नको, परीक्षा नको. कायद्याने अपात्र ठरलेला नसला की झालं, पिस्तूल फक्त म्यानात हवं. रायफलला तर परवाना कधी लागतच नव्हता. म्हणजे किराणा दुकानात कमरेला दिसणारं पिस्तूल ही इथली जुनी परंपरा वगैरे नाही. तुमच्यापैकी अनेकांची दुकानं त्या कायद्यापेक्षा जुनी आहेत!

दुकानाचं नाव लिहीत नाही, पण मध्यंतरी एका संध्याकाळी मी कोथिंबीर निवडत असताना खांद्याला रायफल अडकवलेला एक माणूस आत आला. त्याने दोन समोसे घेतले, पैसे दिले, 'थँक यू' म्हणाला आणि गेला. घडलं काहीच नाही. मात्र त्या चार-पाच मिनिटांत दुकानात काय चाललं होतं ते सांगते. काउंटरवरच्या मुलीचा हात स्कॅनरवर थबकला. एक बाई दोन मुलांना घेऊन आट्याच्या पोत्यांमागे सरकली. एक गृहस्थ भरलेली ढकलगाडी तशीच सोडून मागच्या दाराकडे गेले. नुकतेच भारतातून आलेले एक आजोबा त्या रायफलकडे कुतूहलाने पाहत उभे राहिले आणि त्यांच्या सुनेने दंडाला धरून त्यांना ओढलं. मालक हसत होते, पण तो हसू आलेला चेहरा नव्हता. तो माणूस गेल्यावर मालक म्हणाले, "काय करणार ताई, कायदाच आहे तसा."

नाही. कायदा तसा नाही. म्हणून हे पत्र.

एक प्रश्न विचारते. 'सगळ्यांकडे बंदूक असली की सगळे सुरक्षित' असं म्हणणारे लोक तुमच्या दुकानातल्या रांगेत कधी उभे राहिलेत का? त्या रांगेत एच-१बी या नोकरीच्या व्हिसावर आलेला इंजिनीअर असतो, त्याची डिपेंडंट व्हिसावरची बायको असते, विद्यार्थी असतात, सहा महिन्यांसाठी आलेले आईवडील असतात. अमेरिकेच्या केंद्रीय कायद्यानुसार अशा तात्पुरत्या व्हिसावर असलेल्या माणसाने बंदूक किंवा काडतुसं बाळगणं हाच गुन्हा आहे. शिकारीचा वैध परवाना वगैरे मोजके अपवाद सोडले तर त्याला ती मुभाच नाही. ग्रीन कार्ड हातात आलं की ही आडकाठी जाते, पण आपल्या लोकांना ते कार्ड मिळायला किती वर्षं लागतात ते मी तुम्हाला सांगायला नको. म्हणजे आत येणारा बंदूक दाखवू शकतो आणि रांगेतल्या अर्ध्या माणसांना घरातल्या कपाटातही ती ठेवता येत नाही. हक्कांचा हा असमतोल टेक्सासने मुद्दाम आपल्यासाठी रचलेला नाही, पण तो आपल्या दुकानांत जितका ठळक दिसतो तितका क्वचितच कुठे दिसत असेल.

दुसरा मुद्दा मला त्याहून महत्त्वाचा वाटतो. उघडी बंदूक कायदेशीर असली की ती पाहून घाबरायचं की नाही, हेच कुणाला ठरवता येत नाही. ३१ ऑक्टोबर २०१५ ला कोलोराडो स्प्रिंग्जमध्ये एका बाईने ९११ ला, म्हणजे तातडीच्या मदतीच्या क्रमांकाला, फोन करून सांगितलं, की बाहेर एक माणूस रायफल घेऊन हिंडतोय. फोन घेणाऱ्या कर्मचाऱ्याकडून तिला ऐकायला मिळालं की या राज्यात उघड बंदूक बाळगणं कायद्याला धरून आहे. त्यानंतर काही मिनिटांतच त्या माणसाने तिघांना ठार केलं. फोन घेणाऱ्याला दोष द्यायची माझी इच्छा नाही. तो जे सांगत होता ते खरंच होतं.

आपल्याच डॅलसमध्ये ७ जुलै २०१६ च्या मोर्चात पाच पोलीस मारले गेले. मोर्चातले कित्येक जण खांद्याला रायफली लावून चालत होते, कायद्याने त्यात काही गैर नव्हतं. गोळीबार सुरू झाल्यावर पोलिसांनी त्यांच्यातल्याच एका निरपराध माणसाचा फोटो संशयित म्हणून प्रसिद्ध केला. तो स्वतःहून पोलिसांकडे गेला आणि मग सुटला. पोलीसप्रमुख डेव्हिड ब्राउन नंतर म्हणाले ते साधारण असं, की सगळेच बंदुका लावून असले आणि गोळ्या सुटायला लागल्या की चांगला कोण, वाईट कोण ते आम्हाला कळत नाही. ज्यांना वर्षानुवर्षं प्रशिक्षण मिळतं त्यांची ही कथा. तुमच्या काउंटरवरच्या मुलीने काय ओळखायचं?

आणि बंदूक कुणाच्या हातात दिसली यावरही बरंच अवलंबून असतं. २०१४ च्या ऑगस्टमध्ये ओहायोतल्या बीव्हरक्रीकच्या वॉलमार्टमध्ये २२ वर्षांच्या एका कृष्णवर्णीय तरुणाने दुकानातल्याच फडताळावरची छऱ्याची बंदूक उचलली आणि फोनवर बोलत फिरत राहिला. दुसऱ्या ग्राहकाने ९११ ला फोन केला, पोलीस आले आणि क्षणार्धात त्याला गोळ्या घातल्या. ओहायोतही उघड बंदूक बाळगणं कायदेशीर आहे. ज्यूरीने पोलिसांवर आरोप ठेवायचं नाकारलं. आपल्या वर्णाच्या कुणी पोराने उद्या हौसेने कमरेला पिस्तूल लावायचं ठरवलं, तर त्याने ही गोष्ट आधी ऐकलेली बरी.

आता तुमच्या मनातलं. "पाटी बघून खुनी परत जातो का?" नाही जात. ६ मे २०२३ ला ॲलनच्या आउटलेट मॉलमध्ये आठ जण मारले गेले. त्यांत आपल्या देशातून शिकायला येऊन इथेच नोकरीला लागलेली एक तरुण इंजिनीअर होती. तो मॉल आपल्यापैकी अनेकांचा शनिवारचा मॉल. गाडीतून उतरतानाच गोळ्या झाडणाऱ्याला कुठली पाटी अडवणार? कुणी तुम्हाला तसं सांगत असेल तर विश्वास ठेवू नका. पाटीचं काम निराळं आहे. ज्या दारावर 'उघडी बंदूक नको' असं कायदेशीर लिहिलंय, त्या दारातून कुणी रायफल घेऊन आत आला, तर काहीतरी बिनसलंय हे सगळ्यांना त्याच क्षणी कळतं. चांगला असेल, वाईट असेल, समोसे घ्यायला आला असेल असा विचार करत कुणी कोथिंबिरीपाशी ताटकळत नाही. त्या बाईला मुलांना घेऊन सरळ बाहेर पडता येतं, काउंटरवरच्या मुलीला फोन उचलता येतो. तेवढ्या मिनिटांची किंमत कोलोराडो स्प्रिंग्जने मोजलीये.

मोठ्या दुकानांनी काय केलं ते बघा, कारण त्यातही फरक आहे. ३ ऑगस्ट २०१९ ला एल पासोच्या वॉलमार्टमध्ये गोळीबार झाला. पुढे उपचार चालू असताना गेलेल्या माणसासकट २३ मृत्यू झाले. पाचच दिवसांनी मिझुरीतल्या स्प्रिंगफील्डच्या वॉलमार्टमध्ये एक वीस वर्षांचा मुलगा चिलखत घालून, रायफल घेऊन, फोनवर चित्रण करत शिरला. आपल्या हक्काचा मान राखला जातो का ते बघत होतो, म्हणाला. लोक जीव मुठीत धरून पळाले. सप्टेंबरमध्ये वॉलमार्टचे तेव्हाचे प्रमुख डग मॅकमिलन यांनी पिस्तुलांच्या गोळ्यांची विक्री थांबवत असल्याचं जाहीर केलं आणि ग्राहकांना विनंती केली की दुकानात उघड्या बंदुका आणू नका. पाठोपाठ क्रोगर, सीव्हीएस, वॉलग्रीन्स यांच्याही विनंत्या आल्या. टार्गेटने २०१४ साली आणि स्टारबक्सने त्याच्याही आदल्या वर्षी हेच केलं होतं. सगळ्या विनंत्या. विनंती वर्तमानपत्रात छापून येते. टेक्सासच्या दंडसंहितेत तिला जागा नाही. ती न मानणाऱ्याने कुठलाही कायदा मोडलेला नसतो, आणि त्याला सांगायची वेळ येते ती तासावर काम करणाऱ्या पोरावर.

एच-ई-बी या टेक्सासच्या किराणा साखळीने तसं केलं नाही. २०१६ चा कायदा लागू होताच त्यांनी उघड्या पिस्तुलाला कायदेशीर मज्जाव केला आणि झाकलेलं पिस्तूल बाळगणाऱ्या परवानाधारकाला हरकत घेतली नाही. २०२२ साली फ्रिस्को आणि प्लेनोला त्यांची दुकानं उघडली तेव्हा लोकांनी रात्रीपासून रांगा लावल्या होत्या. दारावरच्या पाटीमुळे कुणी रांग सोडून गेल्याचं माझ्या कानावर नाही. व्हाटाबर्गर या बर्गरच्या हॉटेल-साखळीचे तेव्हाचे प्रमुख प्रेस्टन ॲटकिन्सन स्वतः शिकारी आणि परवानाधारक. त्यांनीही २०१५ मध्येच सांगून टाकलं की आमच्याकडे उघडं पिस्तूल चालणार नाही, कारण आमच्याकडे येणारी कुटुंबं आणि काम करणारे लोक त्याने अस्वस्थ होतात. अस्सल टेक्सासी कंपन्या आहेत या दोन्ही. 'धंद्यावर परिणाम होईल' म्हणणाऱ्यांनी यांच्याकडे बघावं. बंदूकप्रेमी मंडळी पाट्या लावणाऱ्या दुकानांच्या याद्या ठेवतात हे खरं आहे. त्या यादीत आपलं नाव आलं म्हणून चितळ्यांची बाकरवडी विकायची राहणार आहे का?

आता कामाचं. थोडं किचकट आहे, पण इथेच बहुतेकांची गफलत होते.

लाल गोलात पिस्तुलाचं चित्र आणि त्यावर आडवी रेघ, असं स्टिकर काही जणांनी लावलंय. परवानाधारकाच्या बाबतीत त्या स्टिकरला कायद्याचं बळ नाही. टेक्सासच्या दंडसंहितेत तीन वेगळी कलमं आहेत. ३०.०७ हे उघडं पिस्तूल लावलेल्या परवानाधारकासाठी, ३०.०६ हे झाकलेलं पिस्तूल बाळगणाऱ्या परवानाधारकासाठी, आणि २०२१ नंतर महत्त्व आलेलं ३०.०५ हे बिनपरवाना बाळगणाऱ्यांसाठी. या तिसऱ्याच्या पाटीत पिस्तुलाऐवजी 'बंदूक' असाच सर्वसाधारण शब्द असल्याने रायफलही त्यात येते. मजकूर कलमात दिलाय तसाच हवा, आपल्या मनाने सुधारलेला नको. इंग्रजी आणि स्पॅनिश दोन्ही भाषा, अक्षरं ठळक, किमान एक इंच उंचीची, रंग पार्श्वभूमीवर उठून दिसणारा, आणि जिथून जिथून ग्राहक आत येतो त्या प्रत्येक दारावर, सहज दिसेल अशी. एक इंची अक्षरांत दोन भाषांतला तो सगळा मजकूर बसवायचा म्हणजे काचेचा चांगला मोठा तुकडा जातो. कायदा करणाऱ्यांनी हे मुद्दामच असं अवघड ठेवलं असावं असा मला दाट संशय आहे. पण छापील तयार पाट्या मिळतात, आणि कथकच्या वर्गाला चार इंच डावीकडे सरकवता येतं.

माझ्या मते ३०.०७ आणि ३०.०५ या दोन पाट्या आपल्या दुकानांना पुरेशा आहेत. झाकलेलं पिस्तूल बाळगणारा परवानाधारक कुणाला दिसत नाही, घाबरवत नाही, त्याने निदान चार तासांचा वर्ग केलेला असतो. त्याच्याशी भांडण उकरून काढायला मी सांगणार नाही. ज्यांना तेही नको त्यांनी ३०.०६ लावावी. भाड्याच्या गाळ्यात असाल तर करारनामा एकदा वाचा आणि वकिलाला विचारा. हे पत्र वकिलाच्या सल्ल्याची जागा घेत नाही. हॉटेलवाल्यांपैकी कुणाचं निम्म्याहून जास्त उत्पन्न तिथेच बसून प्यायल्या जाणाऱ्या दारूचं असेल, तर प्रश्नच मिटतो: लाल '५१%' ची पाटी त्यांना लावावीच लागते आणि तिथे पिस्तूल आणणं मुळातच गुन्हा आहे.

पाटी असूनही कुणी आला तर? दोनशे डॉलरपर्यंत दंडाचा किरकोळ गुन्हा. तोंडी सांगूनही गेला नाही, तर मात्र एक वर्षापर्यंत कैद आणि चार हजार डॉलरपर्यंत दंड होऊ शकतो. सांगितल्यावर लगेच गेला तर विषय संपला. सांगायचं मालकाने किंवा मॅनेजरने, शांतपणे, एकदाच. काउंटरवरच्या मुलांना आजच बजावून ठेवा की त्यांनी कुणाला अडवायचं नाही, वाद घालायचा नाही, पोलिसांना फोन करायचा आणि लांब व्हायचं.

रात्री अकरापर्यंत गल्ल्यावर बसणाऱ्या, एकदा-दोनदा लुटल्या गेलेल्या मंडळींना मी ओळखते. त्यांच्यातल्या काहींच्या गल्ल्याखाली पिस्तूल असतं. ती तुमची जागा, तुमचा जीव. पाटी तुम्हाला लागू होत नाही. फक्त ते झाकलेलं आणि बंद असू द्या, शाळा सुटल्यावर तुमचीच पोरं तिथे गृहपाठ करत बसतात.

"आपण परके, आपण कशाला लोकांच्या परंपरेत नाक खुपसा" असं एका गृहस्थांनी मला ऐकवलं. आपली परंपरा आठवा मग. खंडेनवमीला आपण शस्त्र पुसतो, हळदकुंकू वाहतो आणि पुन्हा जागेवर ठेवतो. निवडणूक लागली की गावाकडे परवान्याची बंदूकसुद्धा पोलीस ठाण्यात जमा करायला सांगतात, मोठमोठ्या असामींनाही. आणि कमरेला पिस्तूल लावून मिरवण्याचं काय होतं ते बीडने दाखवलंच: डिसेंबर २०२४ मध्ये मस्साजोगच्या सरपंचांचा खून झाला, त्यानंतर जिल्ह्यातल्या शस्त्रपरवान्यांची झाडाझडती झाली आणि कितीतरी परवाने रद्द झाले. त्या बातम्या आपण इथे बसून पाहिल्या, व्हॉट्सॲपवर हळहळलो, आणि दुसऱ्या दिवशी दुकानात कमरेला पिस्तूल लावलेल्या माणसामागे मुकाट रांगेत उभे राहिलो.

मंडळांच्या पदाधिकाऱ्यांना वेगळं दोन ओळींत. कार्यक्रम शाळेच्या सभागृहात असेल तर इमारतीत बंदुकीला कायद्यानेच बंदी आहे. चर्चचं किंवा देवळाचं सभागृह असेल तर तसं नाही. तिथे पाटी किंवा सूचना नसेल तर परवानाधारक पिस्तूल आणू शकतो, म्हणून बुकिंग करतानाच विचारा. आणि शिवजयंतीला मावळे होणाऱ्या पोरांच्या तलवारी लाकडीच असू द्या. टेक्सासने २०१७ पासून मोठी पाती बाळगायला मोकळीक दिली, पण साडेपाच इंचांहून लांब पातं शाळेत चालत नाही. शाहिस्तेखानाची बोटं छाटण्याआधी मुख्याध्यापक पोलिसांना बोलावतील.

पुढच्या कार्यकारिणीत हा विषय घ्या. मंडळाने एकदम पाट्या छापून घेतल्या तर प्रत्येकाला स्वस्त पडतील, आणि लावायला मी आणि माझ्यासारख्या चार-सहाजणी शिडी घेऊन येऊ. ज्यांना विचारान्ती उघडी बंदूक खरंच चालते, त्यांनीही तसं मोकळेपणाने सांगावं. मी भांडणार नाही. मसाला घ्यायला दुसऱ्या दुकानात जाईन.

कळावे,
आपली एक नेहमीची ग्राहक,
प्लेनो, टेक्सास